पहिला कोण?

शिक्षकाच्या हातून जन्मभरात किती अन्याय घडतात याचा हिशेब कोणी ठेवीत नाही. ठेवला असता तर एकाही शिक्षकाला सुखाने पेन्शन खाता आले नसते. माझ्याजवळ मात्र अशा एका अन्यायाची नोंद आहे, आणि ती अवघ्या एका गुणाची आहे.

लातूर तेव्हा जिल्हा झालेला नव्हता. उस्मानाबाद जिल्ह्यातले ते एक भरभराटीचे बाजाराचे गाव होते आणि तिथल्या एका शाळेत मी नुकताच लागलो होतो. शाळेने सामान्यज्ञानाची स्पर्धा ठेवली. प्रश्न मीच काढले, पेपर मीच तपासले. त्यात एक प्रश्न असा होता : भारतात पहिला चित्रपट कोणी काढला? उत्तर कोणालाही यावे असे. आठवीतल्या एका मुलाने मात्र लिहिले, ‘सावेदादा’. मला हसू आले. गल्लीतल्या कुणा दादाचे नाव पोराने ठोकून दिले असावे, असे वाटले. तांबडी फुली मारली आणि शून्य दिले. त्या एका गुणाने मुलाचे पहिले बक्षीस गेले. बक्षीस होते शाईचे पेन.

दोन दिवसांनी त्याचे वडील शाळेत आले. एका टुरिंग टॉकीजमध्ये ते मशीन चालवीत. दाराशी चपला काढून ते उभे राहिले आणि म्हणाले, “सर, लेकरू परवा जेवलं नाही. बक्षिसाचं काय नाही, बगा. पन सावेदादा हे त्यानं मनानं लिवलेलं नाही. म्या सांगितलेलं हाय त्याला.”

“कोण हे सावेदादा?”

“मुंबईचे. फाळके सायबाच्या आधी कुस्ती काढली हुती त्यांनी सिनेमात. आमचे जुने मालक सांगायचे.”

मी म्हणालो, “पुस्तकात फाळके आहेत.”

ते थोडा वेळ थांबले. मग म्हणाले, “पुस्तकात असंल,” आणि नमस्कार करून गेले. त्या ‘असंल’मध्ये राग नव्हता, उपरोध नव्हता. पुस्तकाशी भांडावे असे त्यांना वाटलेच नाही. ते ‘असंल’ मला आजही ऐकू येते.

ते खरे बोलत होते. हे मला फार उशिरा, निवृत्तीच्या सुमारास कळले. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ज्यांना लोक सावेदादा म्हणत, हे मुंबईचे एक छायाचित्रकार. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रे दाखवली गेली, तिकीट एक रुपया. त्या काळी एक रुपया म्हणजे गरिबाच्या घरातला कितीतरी दिवसांचा बाजार! हे नवल शहरात आल्यावर भाटवडेकरांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली. १९०१ मध्ये केंब्रिजचे रँग्लर परांजपे परत आले, तेव्हा मुंबईने त्यांचे जे स्वागत केले तेही त्यांनी टिपले. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लागला तो ३ मे १९१३ रोजी. म्हणजे कुस्ती तेरा-चौदा वर्षे आधीची.

मग मुलाचे उत्तर बरोबर आणि माझे चूक, असे म्हणून हात झटकता येतील का? मला वाटले होते, येतील. पण एकदा चौकशीला लागले की ती मधेच सोडता येत नाही. कोणी म्हणेल, कुस्ती हा काही चित्रपट नव्हे, त्यात गोष्ट नाही. ठीक आहे. पण गोष्ट असलेले रामचंद्र गोपाळ तथा दादासाहेब तोरणे यांचे ‘श्री पुंडलिक’ त्याच कॉरोनेशनमध्ये १८ मे १९१२ रोजी, फाळक्यांच्या जवळजवळ वर्षभर आधी लागले होते. त्यावर दुसरा म्हणेल, ते रंगभूमीवरचे नाटकच कॅमेऱ्यासमोर करून दाखवले होते, कॅमेरा चालवणारा गोरा होता आणि फिल्म विलायतेत धुतली होती. हेही खरे. आणि सगळे इथेच, आपल्या हाताने केले ते फाळक्यांनी, हेही खरे. पण ‘आपल्या हाताने’ म्हणजे कोणाच्या? ‘राजा हरिश्चंद्र’चा कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांच्या हाती होता. फिल्मच्या कडांना भोके पाडावी लागत. ते काम रात्री अंधारात बसून सरस्वतीबाई फाळके करीत. दिवसा कंपनीच्या माणसांचा स्वयंपाक त्यांच्याकडेच होता आणि चित्रण चालू असताना उजेड परतवण्यासाठी भर उन्हात पांढरी चादर धरून उभे राहणेही. प्रश्नपत्रिकेत मी त्यांचे नाव कधी विचारले नव्हते.

आणखी मागे जावे तर कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन भेटतात. सिनेमा या देशात येण्यापूर्वीच त्यांनी काचेवर हाताने चित्रे रंगवून, ती दिव्याच्या यंत्रातून पडद्यावर टाकून, निवेदन आणि संगीत यांच्या साथीने रामायणातल्या कथा लोकांना दाखवायला सुरुवात केली होती. खेळाला त्यांनी नाव दिले होते ‘शांबरिक खरोलिका’. नाव उच्चारतानाच एखादी मायावी कपाट उघडल्यासारखी वाटते! शंबरासुराची माया त्यांना अभिप्रेत असावी. पटवर्धनांच्या मुलांनीही हा खेळ गावोगाव नेला. पडद्यासमोर अंधारात जमून, उजेडाने काढलेली चित्रे पाहत कथा ऐकायची, ही सवय आमच्या लोकांना त्यांनी लावली. प्रेक्षक तयार करणे हे चित्रपट तयार करण्याच्या आधीचे काम आहे, पण प्रेक्षक तयार केल्याबद्दल कोणाला पदक मिळत नाही.

हा तिढा आपल्याच देशातला असता तर मी तो आपल्या स्वभावावर ढकलला असता. पण जगाचा हिशेबही असाच गुंतलेला आहे. १८७८ मध्ये मायब्रिज नावाच्या माणसाने अमेरिकेत पालो आल्टो येथे बारा कॅमेरे ओळीने मांडले, आडवे दोरे बांधले आणि धावत्या घोडीकडून एकेक दोरा ओढवून तिची बारा चित्रे घेतली. धावताना चारही पाय एकाच वेळी जमिनीवरून सुटतात की नाही, एवढेच पाहायचे होते. सुटतात, हे ठरले. घोडीचा धनी स्टॅनफर्ड हा मोठा श्रीमंत. पुढे त्याने या विषयावर एक ग्रंथ काढवला आणि त्यात मायब्रिजला योग्य ते श्रेय दिले नाही. मायब्रिज कोर्टात गेला आणि हरला. फ्रान्सच्या मारे या शरीरशास्त्रज्ञाने १८८२ मध्ये बंदुकीच्या आकाराचा कॅमेरा केला, सेकंदाला बारा चित्रे घेणारा. पक्षी कसा उडतो हे त्याला समजून घ्यायचे होते. करमणुकीचे त्याला सोयरसुतक नव्हते.

पॅरिसचाच एमिल रेनो हा मला या सगळ्यांत जवळचा वाटतो. त्याने लांब पट्टीवर हाताने चित्रे रंगवली, पट्टीला भोके पाडली आणि २८ ऑक्टोबर १८९२ पासून ती हलती चित्रे लोकांना पडद्यावर दाखवली. ल्युमिएर बंधूंचा पॅरिसमधला सुप्रसिद्ध खेळ व्हायला अजून तीन वर्षे होती. पाच लाखांवर माणसांनी रेनोचे खेळ पाहिले म्हणतात. मग फोटोचा सिनेमा आला आणि हाताने रंगवलेल्या चित्रांना कोणी विचारीना. म्हातारपणी त्याने आपल्या बहुतेक पट्ट्या सीन नदीत टाकून दिल्या. १९१८ मध्ये तो अनाथासारखा गेला. ल प्रॅन्स नावाच्या दुसऱ्या एका फ्रेंच माणसाने १८८८ मध्ये इंग्लंडातील लीड्स गावी बागेत हिंडणारी आपल्या घरची माणसे टिपली. जेमतेम दोन सेकंदांचे ते चित्र आजही पाहायला मिळते. १८९० च्या सप्टेंबरात हा गृहस्थ दिजाँहून पॅरिसच्या गाडीत बसला आणि त्यानंतर पुन्हा कोणाला दिसला नाही. एडिसनचे नाव सगळ्यांना ठाऊक असते. त्याच्या कारखान्यात प्रत्यक्ष खपून हे यंत्र उभे करणारा डिक्सन कोणाला ठाऊक असतो?

आणि ल्युमिएर? फिल्म पुढे ढकलायची आणि क्षणभर थांबवायची कशी, हा त्यांच्यापुढचा पेच होता. झोप न आलेल्या एका रात्री तो लुईला शिवणयंत्रावरून सुटला. कापड पुढे सरकते, थांबते, टाका पडतो, पुन्हा सरकते. दिवाळीचे झबले शिवताना आपल्या घरच्या बायका हे रोज पाहत आल्या आहेत. यंत्र प्रत्यक्ष घडवले ते त्यांच्या कारखान्यातल्या म्वासाँ नावाच्या कारागिराने. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या एका कॅफेच्या तळघरात पैसे देऊन तेहतीस माणसे हा खेळ पाहायला आली, आणि पाठ्यपुस्तकांत सिनेमाचा जन्म त्या रात्री लागला.

इतके सगळे वाचल्यावर मनात दोन उत्तरे येतात. दोन्ही सोपी आहेत आणि मला दोन्ही पटत नाहीत.

पहिले असे की, ज्याने काम शेवटास नेले तोच पहिला, बाकीचे उमेदवार. हा व्यवहाराचा न्याय आहे. शर्यतीत तो चालतो, कारण तिथे सगळे एकाच रेषेवरून आणि एकाच दिशेने धावत असतात. मारे पक्ष्यांमागे धावत होता, मायब्रिज घोडीमागे, पटवर्धन रामकथेमागे. जी शर्यत त्यांनी कधी लावलीच नव्हती तिच्यात त्यांना हरलेले ठरवायचे, हे कसले न्यायदान!

दुसरे उत्तर सुशिक्षितांना जास्त आवडते. ते म्हणतात, शोध कोणी एकटा लावीत नाही, काळच पिकलेला असतो, हा नाही तर तो लावतो. यात तथ्य नाही असे नाही. एकाच दहा-बारा वर्षांत लीड्स, पॅरिस, बर्लिन आणि न्यू जर्सी इथे माणसे त्याच एका यंत्रामागे लागलेली होती. पण हे बोलणे कितीही विनयाचे वाटले तरी ज्याचे नाव आधीच लागले आहे त्याच्याच ते सोयीचे असते. ‘श्रेय सर्वांचे’ म्हटले की नाव नसलेल्याच्या पदरी काहीच पडत नाही आणि नाव असलेल्याचे काही जात नाही. नदीत पट्ट्या टाकणाऱ्या रेनोला जाऊन सांगा, काळ पिकला होता!

मला वाटते, चूक आपल्या प्रश्नातच आहे. श्रेय म्हणजे जमिनीचा तुकडा आहे असे धरून आपण त्याचा सातबारा काढायला निघतो. मालक कोण, वहिवाट कोणाची, वाटण्या कशा पडल्या. श्रेय ही करणाऱ्याची मालमत्ता असती तर मेलेल्यांपुरता प्रश्न मिटला असता, कारण मेलेल्याला मालमत्ता नसते. पण ज्याने भोगले त्याच्याकडून हा व्यवहार पाहा. मग ते श्रेय राहत नाही, ऋण होते. आपल्या जुन्या लोकांनी माणसाच्या डोक्यावर जी तीन ऋणे सांगितली त्यांत ऋषिऋण आहे, आणि ते फेडण्याची रीत मोठी मार्मिक आहे. ऋषींची पूजा करून ते फिटत नाही. ते अध्ययनाने फिटते. ज्याच्याकडून मिळाले त्याने काय केले, कसे केले, हे समजून घेतले की थोडे फिटले. पुतळा बांधून उलट ते वाढते, कारण पुतळ्याजवळ गेल्यावर माणूस चौकशी थांबवतो. फाळक्यांच्या बाबतीत मी हेच केले होते. मला त्यांचे नाव माहीत होते. विम्याची पॉलिसी गहाण टाकून, डोळ्यांची दृष्टी काही काळ गमावून त्यांनी काय केले हे कुठे माहीत होते? तेव्हा सावेदादांचे नाव ठाऊक नव्हते हा माझा दोष मी मोठा मानीत नाही. सगळेच कोणाला ठाऊक नसते. ठाऊक असलेला माणूस चपला काढून दारात उभा होता आणि त्याला मी पुस्तक दाखवले, हा दोष मोठा.

त्या माणसाचा मोठेपणा असा की, त्याने मनात काही ठेवले नाही. पुढच्या महाशिवरात्रीला सिद्धेश्वराच्या यात्रेत त्यांचा तंबू लागला होता. मला गर्दीत पाहून त्यांनी आपण होऊन हाक मारली, “सर, आत या.” मशीनच्या त्या कोंदट खोपटात कार्बनच्या कांड्या जळत होत्या, डोळे दिपवणारा पांढरा उजेड आणि विलक्षण उकाडा. बाहेर जनरेटर धडधडत होता. एका लहानशा चक्राकडे बोट दाखवून ते म्हणाले, “हे थांबवतंय म्हनून दिसतंय, सर. रीळ नुसतं पळतच ऱ्हायलं तर पडद्यावर धूर दिसंल.” सेकंदाला चोवीस वेळा फिल्म थांबते, आणि ती सरकत असताना उजेड अडवला जातो. पैसे देऊन बसलेला माणूस जवळजवळ निम्मा वेळ काळोखच पाहत असतो आणि त्याला त्याचा पत्ता नसतो. डोळ्यात चित्र रेंगाळते म्हणून असे होते, असे आम्ही मुलांना शिकवीत असू. आज मानसशास्त्रज्ञ तेवढ्यावर समाधान मानीत नाहीत, चित्रे सांधण्याचे काम मेंदूचे आहे म्हणतात. हे काही त्या दिवशी मला ठाऊक नव्हते. मी फक्त घाम पुशीत उभा होतो.

निघताना त्यांनी तुटलेल्या फिल्मचा वीतभर तुकडा माझ्या हातात दिला. तो अजून माझ्या टेबलाच्या खणात आहे. एक बाई दिवा लावण्यासाठी हात उचलते आहे, एवढेच त्यात दिसते. चौकटी दहा-बारा. पहिल्या चौकटीत हात मांडीवर आहे, शेवटच्या चौकटीत तो दिव्यापर्यंत पोहोचला आहे. मधल्या कोणत्या चौकटीत हात हलू लागला, हे मी भिंग घेऊन कितीदा तरी पाहिले. तिसरी म्हणावी तर दुसरीत मनगट किंचित वळलेले दिसते. दुसरी म्हणावी तर ती पहिलीसारखीच वाटते. आणि एकही चौकट काढून टाकली तर हात अडखळेल.

आम्ही मराठवाड्याची माणसे या ‘पहिले’पणाच्या भांडणात तशी पडत नाही. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत आम्ही निजामाच्या राज्यात होतो. स्वातंत्र्यसुद्धा आमच्याकडे तेरा महिने उशिरा पोहोचले, तिथे बायस्कोपचे काय घेऊन बसलात! मुंबई, कोल्हापूर, पुणे यांच्या याद्यांत आमचे नाव शोधूनही सापडायचे नाही. कोल्हापुरात आनंदराव आणि बाबूराव पेंटर या भावांनी सिनेमाचा कॅमेरा स्वतः घडवण्याचा ध्यास घेतला. आनंदराव १९१६ मध्ये गेले. बाबूरावांनी दामल्यांच्या साथीने तो पुरा केला. हे वाचताना मला अभिमान वाटतो, पण तो शेजाऱ्याच्या घरच्या लग्नात वाटतो तसा.

आणि तरीही, मला स्वतःला कोणी विचारले की तुझ्यापुरता सिनेमा कोणी आणला, तर मी पॅरिसचे नाव घेणार नाही. नांदेडहून वडिलांबरोबर मी माळेगावच्या यात्रेला गेलो होतो, मार्गशीर्षातल्या कडाक्याच्या थंडीत. खंडोबाचे दर्शन झाले, घोडे-गाढवांचा बाजार पाहून झाला, आणि रात्री वडिलांनी मला एका तंबूत नेले. जमिनीवर बसलो. पुढे पांढरा पडदा, मागे एका भोकातून उजेडाचा झोत, त्यात तरंगणारी धूळ आणि बिड्यांचा धूर. सगळे पडद्याकडे पाहत होते. मी सारखा मान वळवून त्या भोकाकडे बघत होतो. वडिलांनी दोनदा मान सरळ केली. त्या भोकामागे कोण होते मला दिसले नाही. बैलगाडीतून यंत्र उतरवून, तंबू ठोकून, थंडीत कुडकुडत रीळ फिरवणारा तो माणूस माझा पहिला. त्याचे नाव कोणत्याच यादीत नाही, आणि चौकशी करायची म्हटले तरी आता कोणाकडे करू?

गेल्या वर्षी नांदेडला एका लग्नात तो मुलगा भेटला. मुलगा कसला, नातवंडांचा आजोबा झाला आहे. त्याने वाकून नमस्कार केला. मी पंगतीतच त्याला सांगितले की, तुझे उत्तर मी चूक धरायला नको होते, निदान विचारायला हवे होते. तुझे वडील कसे आहेत? ते जाऊन बारा वर्षे झाली होती. मी गप्प राहिलो.

तो म्हणाला, “सर, शून्य मला आठवतसुद्धा नाही. पेन आठवतं. हिरवं होतं. ज्याला मिळालं तो माझ्याच बाकावर बसायचा. त्याला शाई भरता यायची नाही. वर्षभर मीच भरून द्यायचो.”

आणि त्याने वाढप्याला हाक मारून माझ्या पानात आणखी एक जिलबी वाढायला लावली.